पुढे टाकलेला पाय

घोडे शर्यतीसाठी तयार करणं हा त्याचा पोटापाण्याचा धंदा, आणि घोडेवाल्यांची टर उडवणं हा जन्मजात रोग. शर्यतींच्या साप्ताहिकात दर शुक्रवारी त्याचं व्यंगचित्र छापून यायचं. एका चित्रात त्याने एका ढेरपोट्या मालकाला खोगिरावर बसवून घोड्याला हात जोडायला लावले होते. मालक सहा महिने बोलत नव्हता, पण चित्र मात्र त्याने चौकटीत घालून दिवाणखान्यात लावलं. सगळे त्याला उस्ताद म्हणत. कुठल्या कलेतला, ते कोणी विचारलं नाही.

तबेल्यात मात्र त्याचा दरारा होता. घोड्यांची देखभाल करायला नवा मोतद्दार आला, की खरारा हातात देण्याआधी तो एकच धडा द्यायचा. "उभ्या घोड्याने मागचा पाय सैल सोडला, तर तो आराम करतोय. पुढचा पाय पुढे टाकून टेकवला, तर तो पाय दुखतोय. पळताना कळणार नाही कदाचित, पण उभा घोडा लपवत नाही." हाच धडा त्याने जावयालाही दिला होता. जावई त्याचाच जॉकी. त्याच्याच हाताखाली तयार झालेला, आणि मुलीने हट्टाने केलेला नवरा.

त्या मंगळवारी सकाळचं काम आटोपून तो बादली पालथी घालून बसला आणि वही काढली. समोरच्या ठाणात तांबडी घोडी उभी होती. भारी नखरेल, म्हणून तिला सगळे नटवी म्हणायचे. डावा पाय नाजूकपणे पुढे टाकून ती अशी उभी होती, की जणू चपलांच्या दुकानात नवी चप्पल घालून आरशात बघतेय. त्याला हसू आवरेना. पाच मिनिटांत चित्र तयार. नटवी, तिच्यापुढे गुडघे टेकून बसलेला घामाघूम नालबंद, आणि खाली ओळ: 'दुसरा रंग दाखवा.' वही तबेल्यात हातोहात फिरली. मोतद्दारांची हसून हसून पुरेवाट झाली. साप्ताहिकात त्या आठवड्यात जागा नव्हती, त्यामुळे चित्र वहीतच राहिलं. बुधवारी सरावाला मऊ वाळूवर नटवी झकास पळाली.

शनिवारी शर्यतीत शेवटच्या वळणावर, दोन घोड्यांच्या फटीतून पुढे निघताना, तिचा डावा पाय मोडला. तिच्याभोवती पडदे धरले गेले आणि घोड्यांच्या डॉक्टरने तिला गोळी घातली. त्याआधी तिच्याखालून जावयाला ओढून काढलं होतं. त्याचा कणा मोडला होता. कमरेखाली त्याला काही कळत नव्हतं.

दोन दिवसांत मैदानावर एकच बोलणं सुरू झालं. जॉकीने नको तिथे घोडी घातली, हावरटपणा नडला. चौकशी लागली. मुलगी बापाकडे आली. रडून रडून तिचा आवाज बसला होता.

"त्यांचे पाय गेले, बाबा. निदान नाव तरी जाऊ देऊ नका."

"नाही जाणार," तो म्हणाला. "फट पुरेशी होती. मी चित्र काढूनच दाखवतो त्यांना."

ती गेल्यावर त्याने कोरं पान शोधायला वही उघडली. पानं उलटता उलटता नटवी समोर आली, डावा पाय पुढे टाकलेली. पायाची रेघ अचूक होती. त्याने जसं दिसलं तसंच काढलं होतं. चाळीस वर्षं लोकांना शिकवलेली गोष्ट त्याच्या डोळ्यांसमोर घडली, आणि त्याला विनोद सुचला.

पान फाडून टाकलं असतं तर कोणाला पत्ताही लागला नसता. मोतद्दार तर विसरूनही गेले होते. दाखवलं, तर तबेल्याचं दार त्याला कायमचं बंद होणार होतं. पान न फाडताच तो दवाखान्यात गेला.

जावई छताकडे बघत पडला होता. खोलीत दोघेच होते.

"मामा, एक सांगू? कोणाला बोललो नाही अजून. सुरुवातीच्या जागेकडे नेतानाच ती मला जराशी आखडल्यासारखी वाटली."

"मग उतरला का नाहीस?"

"म्हटलं, तुम्ही रोज बघता तिला. तुमच्या नजरेतून काय सुटणार? माझाच भास असेल."

त्याने जावयाच्या पायावरचं पांघरूण नीट केलं. जावयाला ते कळलं नाही.

चौकशीला लांब टेबलापलीकडे तिघे बसले होते, कडेला घोड्यांचा डॉक्टर. मुलगी बाहेरच्या बाकावर होती, आणि दार उकाड्यामुळे उघडंच होतं. उस्तादने वही टेबलावर ठेवली. अध्यक्षांनी चष्मा लावला, खालची ओळ वाचली, आणि त्यांना फस्सकन हसू आलं. त्यांनी वही शेजारी सरकवली. तिथेही हसू. मग वही डॉक्टरकडे आली. तोही हसला, आणि हसता हसता थांबला. त्याने वही डोळ्यांजवळ नेली.

"हा पाय असाच होता?"

"असाच."

"कधी काढलंत हे?"

"मंगळवारी. शर्यतीच्या चार दिवस आधी. जॉकीचा काही दोष नाही. घोडी मैदानावर न्यायलाच नको होती, आणि ते ठरवायचं काम माझं होतं."

"तुम्हाला कळलं नाही? तुम्हाला?"

"नाही," तो म्हणाला. "मला हसू आलं."

जावयाचं नाव सुटलं. उस्तादचं लायसन्स तिथल्या तिथे काढून घेतलं. वही हातात घेऊन तो बाहेर आला, तेव्हा मुलगी उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं. ती त्याच्याकडे नाही, वहीकडे बघत होती.

"चला," ती म्हणाली. "त्यांना कूस बदलून द्यायची वेळ झाली. मला एकटीला उचलवत नाही."

तो निघाला.

"ती इथेच ठेवा," ती म्हणाली.

त्याने वही बाकावर ठेवली आणि तिच्या मागोमाग जिना उतरला.