मुठीखालचा गंज

गंज हा जयप्रकाश टिळेकरांचा धंदा होता आणि गेली काही वर्षं तोच त्यांचा मनस्तापही होता. कुवेतमधल्या मंगफच्या फ्लॅटमधून रोज सकाळी निघून ते प्लँटवर जात, पाइपांना टॉर्च लावत, ठोकत, मोजत आणि रिपोर्ट लिहीत. रिपोर्टात एकच गाऱ्हाणं असे. पाइपावरचं इन्सुलेशन वरून चकाचक दिसतं, पण आत ओल शिरली आहे आणि गंज आतल्या आत पाइप खातो आहे. आवरण उघडा, घासून काढा. मॅनेजर रिपोर्ट चाळायचा, "लाइन चालू आहे ना? मग सध्या काही करू नका," म्हणायचा आणि दुसऱ्या फोनकडे वळायचा. पालथ्या घड्यावर पाणी, दुसरं काय.

काही करू नका! टिळेकरांनी नाशिक सोडून वाळवंटात दहा वर्षं काढली ती काय काही न करण्यासाठी? घरी येऊन ते हा राग बायकोवर, टीव्हीवर आणि गळणाऱ्या नळावर काढत. नळ तेवढा त्यांचं ऐकत असे. श्यामला एका क्लिनिकात नर्स होती. दिवसभर पेशंटांची कुरकुर ऐकून आल्यावर घरच्या पेशंटाकडे लक्ष द्यायचं नाही, असं तिने केव्हाच ठरवून टाकलं होतं.

अशा माणसाच्या हाती तलवार पडली.

तलवार होती बू नासिरची. हा टिळेकरांच्या कंपनीचा मालक. दस्मानला समुद्राजवळ त्याचं मोठं घर होतं आणि तिथल्या दिवाणियात, म्हणजे पुरुषमंडळींच्या बैठकीत, ती भिंतीवर टांगलेली असे. साठ सालच्या सुमाराला तेलाच्या कामासाठी आलेल्या एका जपानी साहेबाने ती त्याच्या वडिलांना भेट दिली होती. इराकी सैन्य घुसलं तेव्हा घरातल्यांनी ती घोंगडीत गुंडाळून एसीच्या डक्टमध्ये लपवली. गालिचे गेले, गाड्या गेल्या, तलवार राहिली. त्या बैठकीत एप्रिलमध्ये, २००१ साली, शटडाउनच्या, म्हणजे प्लँट बंद ठेवून करायच्या दुरुस्तीच्या कामाला आलेला किताजिमा नावाचा जपानी वेल्डिंग इंजिनियर कॉफी प्यायला आला आणि तलवारीसमोर उभा राहिला तो बसेचना.

साठीला आलेला, फार कमी बोलणारा माणूस. त्याच्याशी टिळेकरांचं जमायचं, कारण दोघांनाही लोखंडाबद्दल बोलायला आवडे आणि ते ऐकायला दुसरं कोणी नसे. त्या संध्याकाळी मात्र तो बराच बोलला.

"माझे आजोबा तलवारी घडवायचे," तो म्हणाला. "ते शिकले तोवर तलवारी कमरेला लावायला सरकारने बंदी करून कितीतरी वर्षं झाली होती. आमच्या खोऱ्यातले सगळे लोहार विळे आणि सुऱ्या करायला लागले. आजोबाही दिवसा विळेच करायचे. मग वर्षातून एखादी तलवार. कोळसा सुपारीएवढा फोडायचा, पोलाद दुमडून दुमडून ठोकायचं, पात्यावर माती लिंपायची. पाणी पाजायच्या वेळी दारं-खिडक्या बंद. अंधारात लोखंडाचा रंग बघायचा असतो. तो चुकला की महिन्यांचं काम तडकतं. आजी म्हणायची, हा माणूस विळे विकून तलवारी पोसतो."

"मग कुठे आहेत त्या?" बू नासिरने विचारलं.

"युद्ध हरल्यावर जमा करून घेतल्या. बहुतेक वितळल्या. आमच्या घरी एकही नाही." तो भिंतीकडे बघत राहिला. "पण एक आजोबांनी गावच्या एका श्रीमंत घरासाठी केली होती. त्या घरचा मुलगा तेल कंपनीत लागला आणि कुवेतला आला, एवढं आम्हाला माहीत होतं. मी इथे येतो तेव्हा प्रत्येक भिंत बघतो."

लोहाराचं नाव मुठीच्या आत, पात्याच्या दडलेल्या भागावर कोरलेलं असतं. मूठ उतरवल्याशिवाय ते दिसत नाही, आणि ते काम घाईचं नव्हे. किताजिमाचं विमान दुसऱ्या दिवशीचं होतं. ऑक्टोबरच्या शटडाउनला हत्यारं घेऊन येतो, तेव्हा बघू, असं ठरलं. बू नासिरने सगळ्यांसमोर शब्द दिला. "तुझ्या आजोबाची निघाली तर घेऊन जा. दुसऱ्याचा आजोबा मी भिंतीवर टांगून ठेवणार नाही."

दिवाणियाला रंग द्यायचा होता आणि समुद्राची दमट हवा घरात शिरत होती. तेव्हा बू नासिरने तलवार उचलून टिळेकरांच्या हातात दिली. "मुहंदिस," तो म्हणाला; इंजिनियरला तो असंच म्हणे. "गंजाचा डॉक्टर तू. तोवर तू सांभाळ."

निघताना किताजिमाने टिळेकरांना बाजूला घेतलं. "पात्याला बोट लावू नका. महिन्यातून एकदा तेलाचा हलका हात. बाकी काही करू नका."

तेच वाक्य! पण या माणसाच्या तोंडी ते रागवण्यासारखं नव्हतं, म्हणून टिळेकरांनी मान डोलावली आणि राग खिशात घालून घरी आणला.

मंगफच्या फ्लॅटमध्ये तलवारीचं राज्य सुरू झालं. एसी ठरलेल्या आकड्यावर. खिडकी बंद. तळण बंद, कारण वाफ. क्षितिजा, त्यांची शाळकरी मुलगी, तलवारीची पेटी ओलांडून गेली म्हणून बोलणी खाऊन "बाबा, इट्स जस्ट अ स्वोर्ड" म्हणाली आणि वर आणखी बोलणी खाल्ली. श्यामला सगळं सोसत होती, पण मनात लिहून ठेवत होती.

प्लँटवर तो उन्हाळा वाईट गेला. ज्या लाइनीबद्दल टिळेकरांनी तीनदा लिहिलं होतं, ती गळली. सुदैवाने माणसं बचावली. चौकशी बसली आणि मॅनेजरने सगळ्यांसमोर विचारलं, "इन्स्पेक्शनवाले काय करत होते?" टिळेकरांनी रिपोर्ट पुढे केले. ते कोणी उघडलेदेखील नाहीत. तिथून ते घरी आले, जेवले नाहीत, आणि पेटी उघडून तेलाचा हात द्यायला बसले.

पातं निर्मळ होतं. धारेलगत धुक्यासारखी पांढुरकी रेघ वाहत होती. आणि मग त्यांची नजर मुठीवर गेली. रेशमी दोऱ्याने घट्ट विणलेली, वरून सुरेख मूठ. आत काय असेल? डक्टमध्ये महिनोन् महिने पडलेली, त्या घोंगडीची ओल, दस्मानचं ते दमट घर. आवरणाखालचा गंज! दहा वर्षं ते ज्याच्या नावाने ओरडत होते, तोच.

मुठीतली बांबूची बारीक खुंटी त्यांनी अलगद ठोकून काढली. मूठ सरकली. आतला वीतभर भाग काळा-तपकिरी पडला होता आणि त्या काळ्यात कोरलेली अक्षरं अर्धी बुजली होती.

"बघ," त्यांनी श्यामलाला हाक मारली. खरं सांगायचं तर त्यांच्या आवाजात आनंद होता. "मी म्हणत होतो की नाही? बाहेरून सगळं छान आणि आतून हे असं. माणसाचं नाव खाल्लंय गंजाने."

श्यामलाने वाकून बघितलं. "ओला दिसत नाही हो. जुना, बसलेला दिसतोय. खपली धरल्यासारखा."

"खपली?"

"जखम भरली की धरते ती. आम्ही काढत नाही, कोणाला काढूही देत नाही. त्या किताजिमांना फोन करून विचारा ना आधी."

"फोन करून काय विचारू? गंज काढू का म्हणून? मी? अगं, माझा धंदाच तो आहे."

फोन केला नाही. इथे कोणाची सही लागणार नव्हती, हेच खरं. त्यांनी प्लँटवरून गंज उतरवायचं द्रावण आणलं, तारांचा ब्रश आणला, बारीकातला बारीक पॉलिश पेपर आणला. शुक्रवारची सुट्टी त्या वीतभर लोखंडावर घालवली. धारेच्या पात्याला बोट लावलं नाही, बरं का. ते कापडात गुंडाळलेलं होतं, सांगितल्याप्रमाणे. दुपारी चारच्या सुमाराला आतला भाग आरशासारखा लखलखला. किती वर्षांनी एखादं काम मनासारखं पुरं झालं होतं. टिळेकर त्या दिवशी दोन वेळचं जेवण एकदम जेवले.

ऑक्टोबरात खंडेनवमी आली. श्यामलाने हळदकुंकवाची कोयरी घेतली आणि तलवारीकडे निघाली, तर टिळेकर आडवे आले. "डोकं ठिकाणावर आहे का? ओलं कुंकू पोलादाला? डाग पडेल."

"घरात शस्त्र आहे आणि आज पूजा नाही करायची?"

"नाही."

पेटीच्या झाकणावर तिने हळदकुंकू वाहिलं, झेंडूचं एक फूल ठेवलं आणि आत गेली.

त्याच आठवड्यात किताजिमा आला. नव्या रंगाच्या दिवाणियात मंडळी बसली. टिळेकरांनी पेटी पुढे ठेवली. झाकणावरचं कुंकू पुसायचं राहून गेलं म्हणून ते चिडलेच होते, पण किताजिमाने बोट लावून विचारलं, "हे काय?"

"बायकोने पूजा केली. सॉरी."

"आजीसुद्धा भट्टीपुढे तांदूळ ठेवायची," किताजिमा म्हणाला आणि झाकणाला वाकून नमस्कार करूनच त्याने पेटी उघडली.

आधी त्याने स्वतःच्या पिशवीतून एक सुरी काढली. स्वयंपाकघरातली, झिजून अरुंद झालेली. "आजोबांनी आजीसाठी केली होती. आईनेही हीच वापरली." लाकडी मूठ ठोकून त्याने ती उघडी केली. आतलं लोखंड जांभळासारखं काळं होतं. त्यात तीन अक्षरं आणि डावीकडे उतरणाऱ्या कानशीच्या बारीक तिरप्या रेघा. "आजोबा डावखुरे होते. सगळ्यांची कानस उजवीकडे उतरते, त्यांची अशी. नाव कोणीही कोरू शकतं. या रेघा आणि हा गंज, यावरून लोहार ओळखतात."

टिळेकरांना आताच सांगून टाकायचं होतं, पण त्यांनी पेटी त्याच्याकडे आणखी थोडी सरकवली.

किताजिमाने तलवारीची खुंटी काढली, मूठ उतरवली आणि थांबला. नव्या दिव्यांच्या उजेडात ते वीतभर लोखंड चांदीसारखं चमकत होतं. रेघा नव्हत्या. अक्षरं होती, सुरीवरचीच तीन, पण उथळ आणि स्वच्छ, काल कोरल्यासारखी.

"फार गंजलं होतं," टिळेकर म्हणाले. "नाव नीट दिसावं म्हणून मी..."

"दिसतंय," किताजिमा म्हणाला.

त्याने सुरी आणि तलवार शेजारी शेजारी ठेवली. फार वेळ बघितलं. मग अगदी हळू आवाजात म्हणाला, "तिथे कोणी हात लावत नाही. मी सांगायला हवं होतं. कोणी लावेल, असं मनातच आलं नाही. ऐंशी वर्षांचा गंज यायला ऐंशी वर्षं लागतात."

"म्हणजे तुझ्या आजोबाची आहे की नाही?" बू नासिरला काही कळेना.

"मला वाटतं, आहे. पण आता मला ते कळणार नाही."

"वाटतं ना? मग घेऊन जा. मी शब्द दिलाय."

किताजिमाने मान हलवली. "खात्री नसताना आजोबांच्या नावाने घरात ठेवता येणार नाही. त्यांना ते चाललं नसतं." त्याने तलवारीला मूठ चढवायला घेतली. मग उठून टिळेकरांसमोर कमरेत वाकला आणि इतके महिने सांभाळल्याबद्दल त्यांचे आभार मानले. त्यात टोमणा नव्हता. असता तर बरं झालं असतं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, आणि इथे हातही टिळेकरांचा आणि अवलक्षण दुसऱ्याच्या आजोबाचं.

बू नासिरला ही उदासी सोसेना. त्याने किताजिमाच्या हातातून अर्धवट मूठ चढलेली तलवार घेतली, पुन्हा उघडी केली आणि तो लखलखणारा तुकडा दिव्याखाली धरून मंडळींना दाखवला. "ते जाऊ द्या, पण काम बघा. माशाल्ला! दहा वर्षं माझ्या कंपनीत आहे हा मुहंदिस, आणि याच्या हातात एवढी कला आहे हे मला कोणी सांगितलंच नाही. उद्या तुझ्या मॅनेजरला फोन करतो."

सगळ्यांनी माना डोलावल्या. कोणीतरी टिळेकरांच्या पाठीवर थाप मारली. किताजिमा खाली मान घालून सुरीला तिची लाकडी मूठ बसवत होता.

बू नासिर हसऱ्या चेहऱ्याने वाट बघत उभा होता. टिळेकरांना "थँक यू, सर" म्हणावं लागलं.