ओठाच्या डाव्या कोपऱ्यातली हवा

वर्ना लिंडक्विस्टच्या शेजारी मी एकोणीस वर्षं बसलो. वाद्यवृंदात पहिल्या ओबोची, म्हणजे सनईच्या जातीच्या त्या पाश्चात्त्य वाद्याची, खुर्ची तिची, तिच्या डाव्या हाताची दुसऱ्या ओबोची माझी. मैफल सुरू होण्याआधी सगळे जण जो एक सूर ऐकून आपापली वाद्यं लावतात, तो ती द्यायची. शंभर माणसं तिच्या त्या सुराची वाट बघत गप्प बसायची आणि ती कुणाकडेही न बघता तो द्यायची, गवंडी भिंतीला ओळंबा लावतो तितक्या निर्विकारपणे.

ती मूळची अमेरिकेतल्या आयोवा राज्यातली. वडील धान्याच्या कोठारावर वजनकाट्याशी बसायचे. शाळेच्या बँडमध्ये सगळ्या मुलींना बासरी हवी होती. ओबो कुणालाच नको होता, कारण पहिली दोन वर्षं त्यातून बदकाचाच आवाज निघतो. वाद्यं वाटली त्या दिवशी वर्नाची बस उशिरा पोचली, म्हणून तो तिच्या वाट्याला आला. पुढे संगीत शिकून झाल्यावर सहा वर्षं ती वाद्यवृंदांत जागा मिळावी म्हणून देशभर चाचण्या देत हिंडली आणि मधल्या काळात फर्निचरच्या दुकानात काम करत राहिली. अकरा ठिकाणी नाकारली गेली. बारावी चाचणी आमच्याकडची, लेक एरीच्या काठावरच्या या शहरातली. पडद्याआडून वाजवणारी बाई आहे की पुरुष हे बुटांच्या आवाजावरून कळू नये म्हणून तिथे गालिचा अंथरतात. वर्नाने खबरदारी म्हणून बूटही काढून ठेवले होते. निवड झाल्याचं कळल्यावर ती तशीच मोज्यांवर बाहेर आली आणि सगळ्यांशी हात मिळवून गेली. ही गोष्ट जुनी मंडळी अजून सांगतात.

मी आलो तेव्हा तिला तिथे बारा वर्षं झाली होती. तिची शिस्त कडक. आठवड्यातून तीन सकाळी ती तळघरात बसून चाकूने बोरूची पाती तासायची, त्यांच्या रीड, म्हणजे ओबोत फुंकायच्या जिभल्या, बांधायची, आणि दहातल्या नऊ फेकून द्यायची. कौतुक तिला जमत नसे. एखादा अवघड भाग छान गेला की माझ्याकडे न बघता म्हणायची, "वाईट नव्हतं." ते ऐकलं की मी घरी जाऊन पेट्राला, माझ्या बायकोला, सांगायचो. वर्नाचा नवरा ऑरिन वारला त्या आठवड्यातसुद्धा तिने एकच मैफल चुकवली.

ती साठ वर्षांची झाली त्या ऑक्टोबरात मला पहिल्यांदा तो आवाज आला. लांब सूर धरला की तिच्या ओठाच्या डाव्या कोपऱ्यातून हवा निसटायची. बारीक, सायकलच्या ट्यूबला भोक पडल्यासारखी. मी त्याच बाजूला बसत असल्यामुळे ती फक्त मला ऐकू येत होती. ओठाला कमी जोर लागावा म्हणून ती रीड मऊ करत गेली, मग आणखी मऊ. तालमीच्या मधल्या सुट्टीत कॉफी प्यायला यायची थांबली.

तिला कशाची भीती वाटत होती ते मला ठाऊक होतं. तिचे गुरू एमरिक स्ट्रँड नावाचे मोठे वादक होते. बावन्नाव्या वर्षी त्यांच्या ओठांच्या मज्जातंतूंनी दगा दिला. तोंड चाळीस वर्षांचं काम एका हिवाळ्यात विसरलं. या आजारावर खात्रीचा इलाज नाही. त्यांनी ओबोची पेटी पुन्हा कधी उघडली नाही. वर्ना दर नाताळात त्यांना भेटायला जायची, आणि त्या भेटीबद्दल कधीच काही सांगायची नाही.

जानेवारीत एका रविवारी दुपारची मैफल होती. संथ भागात तिचा एक लांबलचक सूर होता. खाली फक्त तंतुवाद्यं, तीही अगदी हळू. निम्म्यावर तो सूर थरथरू लागला. आता तुटणार हे मला दिसलं आणि विचार न करता मी तोच सूर हळूच तिच्या सुराखाली सरकवला. सभागृहात कुणाला कळलं नाही. आमचे संगीत संचालक हूलियन आबास्काल यांनी मात्र मान वर करून आमच्या रांगेकडे बघितलं.

मैफल संपल्यावर ती मला सामानाच्या खोलीत गाठून म्हणाली, "माझा सूर का घेतलास?"

"तुटत होता म्हणून."

"तुटायचा तर तुटू दे, तो माझा आहे. माझी खुर्ची हवी असेल तर सरळ तोंडाने माग. असा हळूच घुसू नकोस."

मला ते इतकं लागलं की मी पेटी उचलून तडक बाहेर पडलो. त्याचा तिने काय अर्थ घ्यायचा तो घेतला.

पुढचे तीन आठवडे आम्ही खांद्याला खांदा लावून बसलो आणि एकमेकांशी एक शब्द बोललो नाही. काही सांगायचं असलं तर ती माझ्या स्वरलिपीच्या कागदावर पेन्सिलीने खूण करायची. पेट्रा रोज म्हणायची की जा आणि बोलून मोकळा हो. मी जात नव्हतो. मग एका बुधवारी आबास्काल यांनी वर्नाला सोमवारी येऊन भेटायला सांगितलं. कशासाठी ते सांगितलं नाही. आमच्याकडे कुणाला काढायचं झालं तर त्याची सुरुवात अशाच एका भेटीने होते. त्यामुळे दुपारपर्यंत अख्ख्या वाद्यवृंदात कुजबुज झाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती आमच्या स्वयंपाकघराच्या दारात उभी. डोक्यावर लोकरीची टोपी, बुटांना बर्फ. आत आली नाही.

"उद्या शिकागोला डॉक्टरकडे जातेय," ती म्हणाली. "इथे कुणाला कळायला नको. येशील बरोबर? जाताना गाडी मी चालवीन. येताना मला चालवता येईल की नाही सांगता येत नाही."

मी हो म्हटलं.

वाटेतल्या इंडियाना राज्याची सपाट, पांढरी शेतं दोन्ही बाजूंनी मागे जात होती. दोन तासांनी मीच विषय काढला. पंधरा वर्षांपूर्वी मी दुसऱ्या एका शहरात पहिल्या ओबोसाठी चाचणी दिली होती, हे मी तिला कधी सांगितलं नव्हतं. तेव्हा शेवटच्या तिघांत पोचलो होतो. हॉटेलच्या खोलीत रात्रभर एकच विचार येत होता, की ही जागा मिळाली नाही तर किती बरं होईल.

"नाही मिळाली," मी म्हणालो, "आणि मी परतीच्या विमानात झक्क झोपलो. मला दुसरा म्हणून वाजवायला आवडतं, वर्ना. खालचे सूर, हळू, कुणाच्या तरी आधाराला. मला ते येतं. तुझी खुर्ची कुणी फुकट दिली तरी मला नको. तुझं काही झालं तर ती माझ्या गळ्यात पडेल या भीतीने चार महिने मलाच झोप नाही."

तिने पुढचा ट्रक मागे टाकला. "गाढवा," ती म्हणाली, "हे आधी नाही सांगायचं?"

"तू विचारलं होतंस कुठे? तू तर ठरवूनच टाकलं होतंस."

"खरंय," ती म्हणाली.

डॉक्टर निकोलेट ब्रँट चाळिशीच्या, बुटक्या आणि घाई नसलेल्या. वादकांच्या हाता-तोंडाच्या दुखण्यांचाच त्यांचा अभ्यास. वर्नाच्या गालांना बारीक तारा चिकटवून त्यांनी तिला पाऊण तास वाजवायला लावलं. मग नुसती रीड फुंकायला लावली, मग सरबताची नळी. वर्नाने मला बाहेर जाऊ दिलं नाही. मी कोपऱ्यात तिचा कोट मांडीवर घेऊन बसलो होतो.

शेवटी डॉक्टरांनी दिवा लावून तिच्या तोंडात बघितलं आणि विचारलं, "हा खालचा पुढचा दात कधी फिरला?"

"कुठला दात?"

त्यांनी फोटो काढून पडद्यावर मोठा करून दाखवला. वयाबरोबर खालचे दात जवळ येतात. त्यातला एक थोडा वळून त्याची धार पुढे आली होती. ओबो वाजवताना ओठ दातांवर दुमडून घ्यावा लागतो. प्रत्येक लांब सुराला ती धार ओठात रुतत होती.

"मज्जातंतू ठणठणीत आहेत," डॉक्टर म्हणाल्या. "तुमचा ओठ त्या धारेपासून अंग चोरतोय. म्हणून कोपरा सुटतो."

"म्हणजे मला तो आजार नाही?"

"नाही."

"पुन्हा सांगा."

डॉक्टरांनी पुन्हा सांगितलं, सावकाश, एकेक शब्द सुटा करून. वर्नाने हात पुढे केला, मी तिचा कोट दिला आणि तिने तो उलटा घातला.

हमरस्त्यावरच्या एका खानावळीत आम्ही थांबलो. दुपारचे तीन वाजले होते तरी तिने सकाळची न्याहारी मागवली, पॅनकेक, सॉसेज, अंडी, सगळं. खाता खाता तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण खाणं काही थांबलं नाही. वाढणाऱ्या बाईने काळजीने विचारलं, सगळं ठीक आहे ना. वर्ना म्हणाली की इतकं ठीक बऱ्याच दिवसांत नव्हतं, आणि पॅनकेकवरचा पाक आणखी आणा.

"त्या रविवारी मी तुला बोलले," ती ताटाकडे बघत म्हणाली, "ते फार वाईट बोलले. तो सूर तू धरलास म्हणून माझी लाज राहिली. मला ते तेव्हाच कळलं होतं, म्हणूनच राग आला."

परतताना गाडी तिनेच चालवली, आणि जरा जास्तच वेगात.

सोमवारी ती आबास्काल यांच्या खोलीत गेली आणि त्यांनी काही विचारायच्या आत तिने सगळं सांगून टाकलं. ते ऐकून ते खुर्चीत मागे टेकले. तिचं तुटक वागणं बघून त्यांना वाटत होतं की ती त्यांच्यावर नाराज आहे आणि सोडून जायच्या विचारात आहे. भेटीला बोलावलं होतं ते राहा म्हणून सांगायला. वर्नाने मला हे सांगितलं तेव्हा आम्ही दोघंही जिन्यावर बसून हसलो.

आमच्याच शहरातल्या दंतवैद्याने वीस मिनिटांत ती धार घासून वर एक पातळ थर चढवला. ओठाचा मात्र विश्वास बसायला सहा आठवडे लागले. दुखत नसतानाही तो सवयीने आक्रसायचा. ती रोज सकाळी आरशासमोर एकेक सूर धरून त्याची समजूत काढायची. मार्चअखेर ती हवा ऐकू येईनाशी झाली.

सगळं सुरळीत झाल्यावर मे महिन्यात तिने राजीनाम्याचं पत्र दिलं, दोन वर्षांनंतरच्या तारखेचं. मला धक्का बसला. मी म्हटलं, आता तर तू बरी आहेस.

"म्हणूनच," ती म्हणाली. "बरी असताना निघणार. स्ट्रँडसरांना जायची तारीख निवडता आली नाही. मला येतेय."

त्या दोन वर्षांत तिने जसं वाजवलं तसं वाजवताना मी तिला कधी ऐकलं नव्हतं. कॉफीला यायची, जुने किस्से सांगायची, एकदा तर चालू तालमीत हसू न आवरून तिने सुरुवातच चुकवली आणि उठून सगळ्यांची माफी मागितली. तिच्या जागी चाचणीने एक तरुण मुलगी आली, टेक्सासची, चांगली आहे. मी अजून दुसराच आहे.

निवृत्तीनंतर पहिल्या मैफलीला वर्ना पेट्राच्या शेजारी वरच्या सज्जात बसली. एकतीस वर्षांत तिने आमचा वाद्यवृंद समोरून कधी ऐकला नव्हता. संपल्यावर मी वर गेलो आणि विचारलं, कसं वाटलं.

"वरून तुम्ही सगळे किती छोटे दिसता," ती म्हणाली. मग पर्स शोधायला वाकली आणि म्हणाली, "पुढच्या आठवड्याचंही तिकीट काढून ठेव. खालचं, मधल्या रांगेतलं."