पडद्याची डावी बाजू

“संपला खेळ. आता एकही जोडी उरली नाही.” योगिनीने माऊसवरचा हात उचलला आणि ती खुर्चीत मागे टेकली.

शेजारी बसलेल्या सुदेशने चष्मा पुसून पुन्हा डोळ्यांवर चढवला. समोरच्या भल्यामोठ्या पडद्यावर चित्रांचे निम्मे चौकोन तसेच होते. कमळ, मासा, पंखा, चंद्र. सारखी दोन चित्रं शोधून त्यांच्यावर टिचकी मारायची, की ती जोडी नाहीशी होते, एवढाच तो खेळ. उजवीकडे एक कमळ होतं आणि त्याच्या जोडीचं कमळ डाव्या कोपऱ्यात अगदी ठळक दिसत होतं.

त्याने बोट दाखवून ते तिला सांगितलं. योगिनीची नजर पडद्याच्या मध्यापर्यंत गेली आणि तिथूनच परत आली.

“तिथे काही नाहीये,” ती म्हणाली. “तुम्हाला चेष्टा सुचतेय.”

सुदेशने बोट मागे घेतलं. गेल्या तीन महिन्यांत त्याला याची सवय झाली होती.

ऑगस्टमध्ये एका सकाळी दूध तापवता तापवता योगिनी ओट्यापाशी कोसळली होती. मेंदूत रक्ताची गुठळी अडकली होती. माजिवड्याच्या हॉस्पिटलात अकरा दिवस काढून ती वर्तकनगरच्या घरी आली, तेव्हा तिचा डावा हात लुळा पडला होता आणि डावा पाय ती ओढत चालत होती. बोलणं मात्र जसंच्या तसं होतं. टेलिफोन खात्यात एकतीस वर्षं नोकरी केलेल्या बाईचं बोलणं, स्वच्छ आणि मुद्द्याचं. जुने फोन नंबर तिला अजून तोंडपाठ होते. भेटायला आलेले शेजारी जाताना दारात म्हणायचे, कर्णिकवहिनींचं डोकं शाबूत आहे हे नशीब समजा. सुदेशलाही तसंच वाटत होतं, आणि म्हणूनच त्याला काही उमगत नव्हतं.

जेवणाचंच घ्या. निवृत्त होईपर्यंत वागळे इस्टेटमधल्या पंपांच्या कारखान्यात तो ड्राफ्ट्समन होता. आयुष्यभर रेघ मारताना अर्ध्या मिलिमीटरची चूक त्याने खपवून घेतली नव्हती. आता स्वयंपाकही तो तसाच मोजूनमापून शिकला होता. ताट वाढायचं ते योगिनीच्या पद्धतीने. डावीकडे मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर. उजवीकडे भाजी आणि आमटी. योगिनी भाजी, आमटी संपवायची, भातही उजव्या अंगाने खायची आणि चटणी-कोशिंबिरीला बोटही लावायची नाही. वर विचारायची, “आज चटणी नाही केलीत?”

पहिल्यांदा त्याला वाटलं, चटणी बिघडली असं ती आडून सुचवते आहे. मग त्याने जवसाची केली, कारळ्याची केली, लसणीची केली. रोज तीच तऱ्हा. भाताचा डावा अर्धा भाग सुरीने कापल्यासारखा उभा राहायचा.

दुसरं म्हणजे त्याच्याशी बोलणं. तिचा तोल डावीकडे जायचा म्हणून तो कायम तिच्या डाव्या हाताला बसायचा. तिथून काही विचारलं तर ती बहुतेकदा उत्तर द्यायची नाही, खिडकीबाहेर बघत राहायची. एकदा तर तो शेजारीच बसलेला असताना तिला आंघोळ घालायला येणाऱ्या सगुणाबाईंना तिने विचारलं, “हे कुठे गेले सकाळी सकाळी?” सगुणाबाईंनी दोघांकडे आळीपाळीने पाहिलं आणि टॉवेल घेऊन त्या आत निघून गेल्या.

छत्तीस वर्षांच्या संसारात योगिनी कधी भांडली नव्हती. ती रागावली की गप्प व्हायची. तेव्हा हा रागच, असं त्याने ठरवलं. आता कशाचा राग, ते शोधायचं होतं. अशा शोधात माणसाला काही ना काही सापडतंच, तसं त्यालाही सापडलं.

पंचवीसेक वर्षांपूर्वी योगिनीला बढती मिळत होती, पण बदली नाशिकला होती. सुदेश तेव्हा एवढंच म्हणाला होता, “तुझं तू ठरव.” आणि पुढचे आठ दिवस तो तिच्याशी कामापुरतंही बोलला नव्हता. नवव्या दिवशी योगिनीने बढती नाकारल्याचा अर्ज दिला. त्या विषयावर नंतर घरात कोणी काही बोललं नाही. तिच्या मागून नोकरीला लागलेल्या बायका साहेब होऊन निवृत्त झाल्या, योगिनी क्लार्क म्हणूनच राहिली.

नोव्हेंबरातल्या एका दुपारी ती खेळत असताना त्याने धीर केला. नेहमीप्रमाणे तो तिच्या डावीकडे बसला होता. नाशिकच्या वेळी मी चुकलो, असं तो म्हणाला. मी तुला जाऊ द्यायला हवं होतं, निदान तुझ्याशी बोलायला तरी हवं होतं, असंही म्हणाला. एवढं बोलताना त्याला घाम फुटला. योगिनीने उजवीकडच्या दोन माशांवर टिचकी मारली. मासे नाहीसे झाले. तिने मानही वळवली नाही.

तो उठून गॅलरीत गेला आणि वाळलेले कपडे काढून पुन्हा त्याच दोरीवर घालत बसला.

त्यानंतर आठवड्याभराने एक गोष्ट घडली. योगिनी हा खेळ ऑफिसातल्या मधल्या सुट्टीपासून खेळायची. घरी जुन्या कॉम्प्युटरच्या बुटक्या पडद्यावरही रोज अर्धा तास ठरलेला असायचा. आजारपणानंतर त्यांची मुलगी कादंबरी डोंबिवलीहून एक मोठा रुंद पडदा घेऊन आली होती, आईच्या डोळ्यांना त्रास नको म्हणून. खेळ त्यावर या टोकापासून त्या टोकापर्यंत पसरायचा. तेव्हापासून योगिनीने एकही डाव पुरा केला नव्हता. खेळच बिघडलाय, असं तिचं म्हणणं होतं.

त्या दिवशी डाव चालू ठेवून ती औषध घ्यायला थांबली, तेवढ्यात सुदेशने कीबोर्डवर सांडलेलं पाणी फडक्याने पुसलं. कुठली तरी बटणं दाबली गेली आणि खेळ आक्रसून एवढासा झाला. मोठ्या पडद्याच्या उजव्या कडेला पोस्टकार्डाच्या दुपटीएवढी चौकट, त्यात सगळे चौकोन, आणि बाकीचा पडदा रिकामा निळा. आपण ते बिघडवलं या विचाराने सुदेश घाबरला आणि त्याने मुलीला फोन लावला.

योगिनीने मात्र माऊस हातात घेतला होता. चंद्र, पंखा, कमळ. टिकटिक करत जोड्या जात होत्या. पलीकडून कादंबरी ऑफिसच्या गडबडीत सांगत होती, “बाबा, काही नाही झालंय. तू ऑल्ट आणि एंटर एकदम दाबलंयस, म्हणून गेम विंडोत आलाय. परत तेच दाब, फुल स्क्रीन होईल.”

“थांब जरा,” सुदेश म्हणाला.

चौकट रिकामी झाली आणि तिच्यात फटाके उडाले. योगिनीने डाव जिंकला होता, तीन महिन्यांत पहिल्यांदा.

सुदेशने फोन ठेवला आणि ती दोन बटणं दाबली. खेळ पुन्हा पडदाभर झाला. नवा डाव सुरू केल्यावर योगिनी थोड्याच वेळात म्हणाली, “जोड्या संपल्या.” डावीकडचे सगळे चौकोन शिल्लक होते. त्याने पुन्हा बटणं दाबली. चौकट लहान होऊन उजवीकडे गेली, आणि डाव्या कडेच्या दोन-तीन जोड्या सोडल्या तर बाकीच्या तिने लावल्या. हे त्याने चार वेळा केलं. चारही वेळा तेच झालं, आणि त्याला काहीच समजलं नाही. चौकट जितकी मोठी, तितकं तिला कमी दिसत होतं.

दुसऱ्या दिवशी व्यायाम घ्यायला येणाऱ्या ऋजुताला त्याने हे सांगितलं. तिने योगिनीला कागद-पेन्सिल देऊन घर काढायला सांगितलं. योगिनीने मन लावून घर काढलं. छप्पर, एक खिडकी, अर्धं दार. उजवी बाजू सगळी आणि डावी बाजू कोरी. कारखान्यात असतं, तर मधोमध छेद घेऊन काढलेलं चित्र म्हणून सुदेशने ते फायलीत लावलं असतं.

“झालं पूर्ण?” ऋजुताने विचारलं.

“झालं की,” योगिनी म्हणाली.

ऋजुता त्याला स्वयंपाकघरात घेऊन गेली. “काका, काकूंचे डोळे ठीक आहेत. पण डावीकडे बघायचं असतं, हेच मेंदू विसरलाय. तिथे अंधार आहे असं त्यांना वाटत नाही. त्यांच्यासाठी ती बाजूच नाहीये.”

हॉस्पिटलच्या कागदांत इंग्रजीत हे लिहिलेलं होतं. औषधांच्या पानापुढे सुदेशने वाचलंच नव्हतं.

त्याने ऋजुताला एकच विचारलं. डावीकडून बोललेलं तिला ऐकू येतं का? कान चांगले आहेत, असं ऋजुता म्हणाली, पण लक्ष जाईलच असं सांगता येत नाही.

त्या दिवसापासून त्याने आपली खुर्ची उजवीकडे नेली. तो तिथे बसताच योगिनीने त्याच्याकडे पाहिलं आणि म्हणाली, “किती वाळलात हो तुम्ही.” त्याला हसावं की काय करावं ते कळेना.

ऋजुताने सांगितल्याप्रमाणे चौकट रोज थोडी थोडी डावीकडे सरकवायची होती. सुदेशने कागदाची पट्टी कापून तिच्यावर बारीक रेघा आखल्या आणि ती पडद्याच्या खालच्या कडेला चिकटवली. रोज डाव सुरू होण्याआधी तो चौकटीची वरची पट्टी माऊसने धरून एक रेघ सरकवायचा. एखाद्या दिवशी योगिनी अडली की दोन रेघा मागे. असं करत डिसेंबर गेला, जानेवारी गेला.

त्या पट्टीवर चौकट निम्म्याच्या जवळ आली असताना एका दुपारी त्याने नाशिकचा विषय पुन्हा काढला. या वेळी उजवीकडून, तिच्या डोळ्यांकडे बघत.

योगिनीने डाव थांबवला. “नाशिक? मलाच नव्हतं जायचं. तिथल्या साहेबांचा स्वभाव ठाऊक होता मला. तुम्ही बोलत नव्हतात ते बरंच झालं, नाहीतर जा म्हणून मागे लागला असतात.”

हे खरं होतं, की आजारात तिची आठवणही कुठून तरी कापली गेली होती? की त्याला बरं वाटावं म्हणून ती असं म्हणत होती? आधीच्या वेळी आपण हेच बोललो होतो, ते ऐकलं होतंस का, असं त्याला विचारायचं होतं. पण योगिनी पुन्हा खेळायला लागली होती. त्याने ते तसंच राहू दिलं.

मार्चमध्ये चौकट पडद्याच्या मध्याला पोचली आणि तिथे थांबली. त्यापुढे एक रेघ सरकवली तरी कमळं सुटायची. महिना गेला, दीड महिना गेला. ऋजुता म्हणाली, की इथवर आल्या हेच पुष्कळ आहे. सुदेशने पट्टीच्या उरलेल्या रेघांकडे पाहिलं आणि ती काढून टाकली.

मे महिन्यात त्यांच्या लग्नाच्या वाढदिवसाला कादंबरी डोंबिवलीहून आली. तिने एक जुना फोटो स्कॅन करून आणला होता. खेळाच्या चौकटीमागे तो रिकामा निळा रंग तिला भकास वाटायचा, म्हणून तिने तिथे तो फोटो पडदाभर लावला. खडवलीच्या नदीवरचा फोटो होता. कादंबरी सहा वर्षांची असताना हट्टाने कॅमेरा मागून तिनेच तो काढला होता, त्यामुळे नदी तिरकी आली होती. उजवीकडे योगिनी, साडी पिंढरीपर्यंत उचलून पाण्यात उभी. डावीकडे सुदेश, दोघांच्या चपला हातात घेतलेला, आणि योगिनी काहीतरी म्हणाली असावी, कारण तो तोंड उघडून हसत होता.

कादंबरीने आईला हाताला धरून आणून खुर्चीवर बसवलं. योगिनी बराच वेळ फोटोकडे पाहत राहिली. तिचा चेहरा उजळला.

“खडवली ना ही?” ती म्हणाली. “ही हिरवी साडी मला फार आवडायची. पण मी अशी एकटीच का उभी आहे? कोणी काढला हा फोटो?”

कादंबरी बोलायला पुढे झाली. सुदेशने हाताने तिला थांबवलं.

“मी काढला,” तो म्हणाला.

“छान काढलात,” योगिनी म्हणाली.