बॅकअप कुणी बंद केला?

संग्राम दुकानात शिरला तेव्हा रेवतीने मान वर केली नाही. जिना चढताना तो तिला काचेतून आधीच दिसला होता. हातात हार्ड डिस्क, कपाळावर घाम, आणि चेहऱ्यावर ते गोड हसू, जे पूर्वी फक्त डायरेक्टरसाहेबांसाठी राखून ठेवलेलं असायचं.

बिघडलेल्या डिस्कमधून माहिती काढून द्यायचा धंदा ती दिल्लीच्या करोल बागेतल्या या छोट्या दुकानातून करायची. त्याआधी ती मानेसरला, ब्रेकचे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत होती, संग्रामच्या हाताखाली. तिथला सर्व्हर एकदा बसला आणि कळलं, कित्येक महिन्यांचा बॅकअपच नाही. तो बंद करायला संग्रामनेच सांगितलं होतं, तोंडी. चौकशीत मात्र त्याने सगळ्यांदेखत तिच्याकडे बोट दाखवलं, "हिचा हलगर्जीपणा." रेवतीला त्याच दिवशी काढून टाकलं. पुढे गुडगाव-नोएडात जिथे म्हणून ती मुलाखतीला गेली, तिथे तिच्याआधी ती गोष्ट पोचलेली असायची.

"रेवती, आता तुम्हीच वाचवू शकता," तो म्हणाला. एकदम 'तुम्ही'! "ब्रेकच्या चाचण्यांचे जुने रिपोर्ट आहेत यात. आज संध्याकाळपर्यंत कोर्टात दिले नाहीत तर कंपनीची केस गेली. बाकी सगळ्यांनी हात वर केले."

"ठेवा. बसा."

तिने त्याला दाराजवळचं स्टूल दाखवलं. एसीचा गारवा तिथवर पोचत नसे.

डिस्क वाटली तितकी वाईट नव्हती. खराब भाग वगळत तिने आधी प्रत काढली, मग त्या प्रतीतून फाइली शोधल्या. जेवणाच्या वेळेपर्यंत सगळे रिपोर्ट तिच्यापुढे होते. एकेक उघडून पाहिला, सगळे धड. तिने स्क्रीन आपल्याकडे वळवून घेतली आणि चहा मागवला. एकच.

"काही आशा?" संग्राम पुन्हा पुन्हा विचारत होता.

"बघतेय."

वकिलांचे फोन यायला लागले. तो उठत होता, बसत होता, पॅसेजमध्ये जाऊन हळू आवाजात गयावया करत होता. शर्टाची पाठ भिजून चिकटली. रेवतीने चहा शेवटच्या घोटापर्यंत चवीने प्यायला आणि मग स्क्रीन त्याच्याकडे फिरवली.

"मिळाले! जीव वाचवलात हो!"

"अजून दिले नाहीत. डायरेक्टरसाहेबांना फोन लावा, स्पीकरवर. बॅकअप कुणी बंद केला होता ते सांगा."

"वेड लागलंय तुला? माझी नोकरी जाईल."

"माझी गेली तेव्हा तुम्ही शेजारच्याच खुर्चीत बसला होतात."

फाइली ती देणारच होती. कंपनी केस हरली असती तर कारखान्यातली माणसं रस्त्यावर आली असती, आणि त्यांच्याशी तिचं वैर नव्हतं. पण हे संग्रामला कळायची काही गरज नव्हती. तिने शांतपणे हार्ड डिस्कच्या वायरवर हात ठेवला, आत्ता उपटेल असा; काढलेल्या प्रतीबद्दल त्याला माहीत नव्हतं.

त्याने फोन लावला. "सर, फाइलें मिल गईं... और सर, वो बैकअप... मैंने ही बंद करवाया था। रेवती की गलती नहीं थी।"

पलीकडून डायरेक्टर नरसिंह साहेबांचा थंड आवाज आला, "फाइलें कोर्ट पहुँचाओ। फिर मेरे केबिन में आना।"

रिपोर्ट वेळेत पोचले. संग्रामला राजीनामा द्यावा लागला.

थोड्याच दिवसांनी त्याच्या बायकोचा, मीनाक्षीचा फोन आला. रेवती पूर्वी गणपतीत त्यांच्याकडे जेवायला जायची. मीनाक्षी रडत होती. "तू साहेबांशी एक शब्द बोल ना गं. इतकी शिक्षा?"

"वहिनी, मला काढलं तेव्हा मीही तुम्हाला फोन केला होता. खूपदा केला. तुम्ही उचलला नाहीत."

"मला हे म्हणाले होते, उचलू नकोस म्हणून."

"मी निदान उचलला," रेवती म्हणाली.

मीनाक्षीने फोन ठेवला. आपल्याला वाईट वाटेल, अशी रेवतीची अपेक्षा होती. तसं काही झालं नाही. तिने बाहेर बसलेल्या गिऱ्हाइकाला आत बोलावलं.