थोरलीला खरं सांगावं लागतं

दोमेलचं पोट कुऱ्हाडीनं उभं फाटलं होतं, तरी तो श्वास घेत होता. वेरुक लुटारू त्याला तोडून झाडीत मागे सरले, तेव्हा तटावरून दोर सोडून त्याला वर ओढलं. त्याची दोन बोटं खालीच राहिली. इरवानं धाकट्या भावाला पाठीवर घेतलं आणि गावाच्या मधोमध असलेल्या दगडी कुंडाकडे ती धावत सुटली.

कुंडात थोरली होती. काकवीसारखी दाट, निळसर काळी, आणि वारा नसतानाही हलणारी. तिला जखमेवर लावायचं आणि घडलेलं उलट्या क्रमानं सांगायचं: आधी जखम, मग पातं, मग तो घाव ज्याच्यामुळे बसला तो हात. जिथवर सांगाल तिथवर थोरली काळ मागे नेते. हाताचं नाव घेतलं की गप्प बसायचं, अशी शिस्त. सांगणाऱ्याला सगळं आठवतं, बाकी कुणाला काहीच नाही. म्हणून तर या आश्वेर गावातली पोरं बोलायला लागली की त्यांना दिवस उलटा सांगायला लावतात: झोपले, त्याआधी रडले, त्याआधी मार खाल्ला, त्याआधी दही सांडलं. इरवानंच कितीतरी पोरांना हे शिकवलं होतं.

तिनं ओंजळभर थोरली उचलून भावाच्या पोटावर थापली.

"पोट फाटलं. त्याआधी कुऱ्हाड पडली. त्याआधी तांबड्या दाढीच्या वेरुकानं हात उचलला."

थोरली जखमेवरून घसरली आणि जमिनीवर गोळा होऊन बसली.

"पुन्हा सांग," कुंडाची राखण करणारे ओर्झाकाका म्हणाले. "घाईत चुकली असशील."

इरवानं पुन्हा सांगितलं. थोरली पुन्हा घसरली. दोमेलच्या तोंडातून रक्ताचा फेस आला.

"पोरी, तिला हात पटत नाहीये," ओर्झाकाका हळूच म्हणाले. "दुसरा कुठला हात होता का?"

इरवाला दार आठवलं. सकाळी दोमेल शेळ्या सोडून गावाच्या दाराकडे धावत आला होता. तो वीस पावलांवर, वेरुक त्याच्या मागे साठ पावलांवर. वेळ होता. तो ओरडत होता, "ताई, दार धर, आलोच!" आणि इरवानं दार लावून अडसर घातला होता. भीतीनं. नंतर सगळ्यांना म्हणाली होती, अडसर आपोआप पडला.

"होता," ती म्हणाली. "माझा."

ओर्झाकाकांनी तिच्याकडे पाहिलं. शिवी आली नाही, हे तिला जास्त लागलं.

"मग दारही मागे जाईल," ते म्हणाले. "उघडं. आत एकेचाळीस माणसं आहेत, इरवा. या खेपेला तू काय करशील?"

"ते मी बघते."

"घाबरलीस तर?"

दोमेलचा श्वास अडला. इरवानं दोन्ही हातांनी थोरली उचलली.

"पोट फाटलं. त्याआधी कुऱ्हाड पडली. त्याआधी तो बंद दारावर मुठी आपटत होता. त्याआधी अडसर पडला. त्याआधी माझा हात."

थोरली जखमेत शिरली, जणू इतका वेळ तिला एवढंच ऐकायचं होतं.

उन्हाची तिरीप इरवाच्या डोळ्यांवर आली. दार उघडं होतं, अडसर तिच्या हातात होता. वीस पावलांवर दोमेल, दहाही बोटांचा. "ताई, दार धर!"

भीती जशीच्या तशी परत आली होती. थोरलीनं तेवढी काढून घेतली नव्हती.

"काका!" इरवा ओरडली. "इकडे या! हा अडसर धरा. दोमेल आत आला की लगेच घाला. मी बाहेर असले तरी घाला!"

"काय बडबडतेस?" ओर्झाकाका धापा टाकत आले.

"घाला म्हणते ना!"

भिंतीला टेकवलेली लाकडं फोडायची कुऱ्हाड उचलून ती बाहेर पडली. दोमेल तिच्या अंगावरच आदळला. तिनं त्याला आत ढकललं, पण तो हट्टी पोर तिचा पदर धरून पुन्हा बाहेर आला. मागे दार धाडकन लागलं. दोघं बाहेर राहिली.

"शहाणीच आहेस!" दोमेल ओरडला आणि त्यानं दगड उचलला.

चार वेरुक आले. पहिल्याचा गुडघा इरवानं वाळक्या फांदीसारखा फोडला. दुसऱ्याचा जबडा दोमेलनं दगडानं ठेचला, त्याचे दात दोमेलच्या मनगटात रुतले. तांबड्या दाढीच्यानं हात उचलला. तो हात इरवाला पाठ होता. ती डावीकडे वाकली आणि तिनं त्याच्या काखेत पातं घातलं. तो तिच्यावर कोसळला, पण कोसळता कोसळता त्याच्या कुऱ्हाडीनं तिचा खांदा हाडापर्यंत उघडला. चौथा ते पाहून झाडीकडे पळाला.

दार उघडलं. दोमेलनं तिला आत ओढलं आणि तो कुंडाकडे वळला.

"थोरली नको," इरवा दात आवळून म्हणाली. "सुई आण."

"वेड लागलंय का? रक्त बघ किती जातंय!"

"कुठला हात म्हणून सांगशील? मी स्वतःच बाहेर पडले, म्हणजे माझ्याच हातापाशी जाऊन थांबशील. मग दार परत उघडं, मी तशीच घाबरलेली, आणि मला यातलं काहीच आठवणार नाही. सुई आण."

दोमेलनं शेळीच्या आतड्याचा दोरा सुईत ओवला. तिच्या तोंडात चामड्याचा तुकडा द्यायला गेला, पण तिनं मान फिरवली. बोलायचं होतं. मग तिनं त्याला सारं सांगितलं. उलटं नाही, सरळ, सकाळपासून. वीस पावलं. अडसर. दोर. बोटं.

दोमेलनं एक टाका घातला. दुसरा जरा जोरात ओढला, ती कळवळली. तिसऱ्याला त्याचा हात थांबला.

"दाराबाहेर मी किती वेळ ओरडत होतो?"

"खूप वेळ."

"आणि तू?"

"दारामागेच उभी होते. फटीतून बघत होते, ऐकत होते."

दोमेलनं डोळे पुसले, त्यासरशी तिचं रक्त त्याच्या गालाला लागलं. मग तो पुन्हा वाकला.

"हलू नको," तो म्हणाला. "अजून बरेच टाके आहेत."