लाजणारी वीट

फतेगंजातल्या लग्नकार्यांच्या पार्टी प्लॉटवर रविवारी सकाळी उसळलेली गर्दी पाहून स्नेहलताबाईंना आधी वाटलं, कुणाचं तरी लग्न आहे. पण मांडवात नवरा नव्हता की नवरी नव्हती. मखमली आसनावर, झेंडूचा हार घालून, एक निळीशार वीट बसली होती.

विटेशेजारी ईंटबापू होते. रेशमी झब्बा, खांद्यावर उपरणं, हातात माईक.

"जुओ बेन, ही साधी वीट नाही, स्मृतिवीट आहे," बापू सांगत होते. "जिथं माणसं प्रेमानं नांदली, त्या घरांच्या भिंती दळून आम्ही ही घडवतो. हिला सगळं आठवतं, सगळं कळतं. खरं प्रेम जाणवलं की ही लाजून गुलाबी होते. बाजारातली वीट छप्पर धरते, ही माणसं धरते. हिच्या भिंती बांधा. बेडरूममध्ये भांडण नाही, रसोड्यात वरण करपणार नाही."

वरणाचं ऐकून बायकांनी एकमेकींकडे पाहिलं.

रेल्वेतून निवृत्त झालेले शरच्चंद्र मोरे पुढे आले. बापूंनी वीट त्यांच्या ओठांशी नेली आणि मंत्र दिला, "हर हर हृदय हाहाहूहू." मोरेकाका आईची आठवण काढत विटेवर हाहाहूहू करत राहिले. हळूहळू वीट जांभळट झाली, मग चक्क गुलाबी. काकांच्या डोळ्यांतून पाणी आलं. मांडव गहिवरला. मग एका शिष्याने वीट धुपाच्या शेगडीवर धरली आणि ती पुन्हा निळी झाली.

"आता विसरली," बापू म्हणाले. लोकांनी विसरण्यालाही टाळ्या दिल्या.

स्नेहलताबाई शाळेत विज्ञान शिकवत. इथे त्या हौसेने आल्या नव्हत्या, वहिनींनी ओढून आणलं होतं. येसूवहिनींना लेकासाठी, धैर्यशीलसाठी, माडी चढवायची होती आणि तीही स्मृतिविटांची. त्याआधी होणाऱ्या सुनेला विटेसमोर उभं करायचं होतं.

योगिनीला सर्दी झाली होती. विटेवर शिंक नको म्हणून बिचारीने नाकातोंडाला रुमाल लावला आणि वीट हातभर लांब धरून मंत्र म्हटला. वीट निळी ती निळीच.

बापूंनी डोळे मिटले. "या छोकरीच्या मनात ओलावा नथी."

येसूवहिनींचा चेहरा उतरला. "धैर्यशील, लग्न थांबवू या आपण," त्या सगळ्यांदेखत म्हणाल्या. धैर्यशील आपल्या बुटांकडे बघत राहिला. योगिनीने रुमाल तोंडावरून डोळ्यांवर नेला.

स्नेहलताबाई इतका वेळ त्या शेगडीकडे बघत होत्या. शेकलं की निळी, फुंकलं की गुलाबी. हे तर त्या दरवर्षी वर्गात करून दाखवत. झाडाच्या पानाला निळ्या कागदाची पट्टी चिकटवायची. पानातून वाफ निघते आणि पट्टी गुलाबी होते. पानाला आजवर कुणी हार घातला नव्हता.

त्या उठल्या. "बापू, तुमची वीट खऱ्या प्रेमालाच लाजते ना?"

"सो टका."

"मग जरा द्या इकडे." बापू काही बोलायच्या आत बाई वीट घेऊन फाटकाबाहेर गेल्यासुद्धा. मागोमाग अख्खा मांडव. बाहेर सेवउसळीची लारी, म्हणजे हातगाडी, उभी होती. बाईंनी पातेल्यावरचं झाकण काढायला सांगितलं आणि वीट वाफेवर धरली.

वीट अशी गुलाबी झाली, की मोरेकाकांच्या वेळचा गुलाबी त्यापुढे काहीच नव्हता.

"हिचं सेवउसळीवर भारीच प्रेम दिसतंय," बाई म्हणाल्या.

बापू धापा टाकत आले. "वाटाण्यातही आत्मा असतो, बेन."

"असू दे. आता तुम्ही करा." बाईंनी शेगडी मागवून वीट पुन्हा निळी केली, बापूंच्या तोंडावर त्यांचंच उपरणं धरलं आणि वीट हातभर लांब. "म्हणा, हाहाहूहू."

चारी बाजूंनी लोक उभे. बापूंनी म्हटलं. वीट ढिम्म निळी.

"अरेरे," गर्दीतून कुणीतरी म्हणालं, "बापूंच्या मनातपण ओलावा नथी." मग जो हशा पिकला, त्यात बापूंचा शिष्यही हसला.

बाईंनी नखाने वीट खरवडली. वरचा थर निघाला आणि आत साधी लाल वीट दिसली. "थर प्लास्टरचा आहे. त्यात कोबाल्ट क्लोराइड नावाचा क्षार मुरवलाय. कोरडा असला की निळा, ओल लागली की गुलाबी. मंत्रात एवढे 'ह' आहेत ते तुमचा दमट श्वास विटेवर पडावा म्हणून. आणि हा क्षार पोटात गेला तर अपाय करतो. घरात लहान मुलं असतील तर असल्या भिंती बांधूच नका."

मोरेकाका पडल्या आवाजात म्हणाले, "म्हणजे माझी आई..."

"आईची आठवण खरी आहे, काका. पण ती तुमच्याजवळ आहे. विटेने फक्त तुमचा श्वास घेतला."

विटांची नोंदणी केलेले लोक पैसे परत मागत बापूंभोवती गोळा झाले आणि बापूंना मांडवापर्यंत पोचणं अवघड झालं. येसूवहिनी मात्र लारीपाशीच उभ्या होत्या.

"चुकलं माझं, पोरी," त्या योगिनीला म्हणाल्या. "मला वाटलं, विटेला कळत असेल."

योगिनीने नाक पुसलं. "काकू, तुम्ही निदान विटेला तरी विचारलंत. यांनी तर कुणालाच काही विचारलं नाही." धैर्यशीलने बुटांवरची नजर उचलली.

लग्न झालं, पण लगेच नाही. योगिनीने त्याला पुरता उन्हाळा ताटकळत ठेवलं. त्याने येऊन सरळ विचारलं आणि मांडवात गप्प बसल्याची माफी मागितली, तेव्हा कुठे ती हो म्हणाली. माडीही झाली, साध्या लाल विटांची.

मंडळी, विटेचं काम भिंत उभी करण्याचं आहे. माणसाच्या मनात काय आहे हे जाणून घ्यायचं असेल, तर समोर बसून त्या माणसालाच विचारावं. आणि कुणी चमत्कार दाखवला, तर हात जोडण्याआधी तो हातात घेऊन बघावा.