शटर का ओढलं

पेच्चीमुत्तूच्या हातात कोयता होता, हे खरं. शहाळी विकणाऱ्याच्या हातात कोयता नसेल तर काय वीणा असेल? तेनकाशी रस्त्यावर माझ्या चहाच्या दुकानासमोर त्याची हातगाडी. त्या दिवशी अकराच्या सुमारास नगरसेवकाच्या मेव्हण्याने गाडीला खेटून मोटार लावली. ह्याने ती काढायला सांगितली, त्याने आईवरून शिवी दिली, ह्याने कोयता उगारला. उगारला फक्त. लोक पळाले म्हणाल, तर उलट माझ्या बाकांवर चढून मजा बघत होते. एकाने तर त्यातही चहा मागवला.

तेवढ्यात पोस्टमास्तरांच्या आईची प्रेतयात्रा आली. ब्याण्णव वर्षांची म्हातारी, त्यामुळे ढोल, फटाके, सगळा थाट. प्रेत समोरून जाताना शटर पूर्ण उघडं ठेवणारा दुकानदार आमच्या रस्त्यावर अजून जन्मायचाय. सगळ्यांनी अर्ध्यावर ओढली, मीही ओढलं.

त्याच दुपारी पोलिसांनी पेच्चीमुत्तूला उचललं. मारामारीच्या गुन्ह्यात त्याला मंगळवारी जामीन मिळाला. बुधवारी तो जेलमधून बाहेर पडायच्या आत कलेक्टरांचा हुकूम आला. गुंडा कायदा. वर्षभर आत, खटला नाही की जामीन नाही. हुकुमाचं बाड घेऊन त्याची बायको मुप्पुडाती माझ्याकडे आली, तिला वाचता येत नाही. त्यात लिहिलं होतं, कोयत्याच्या दहशतीने व्यापाऱ्यांनी भराभर दुकानं बंद केली आणि सार्वजनिक सुव्यवस्था धोक्यात आली. पुरावा म्हणून समोरच्या सराफाच्या कॅमेऱ्यातला फोटो. माझंच दुकान, अर्धं शटर.

"अण्णाच्ची," थोरल्या भावाला मारतात तशी तिची हाक, "हे तर म्हातारीसाठी ओढलं होतं ना?"

"मग काय तुझ्या नवऱ्याला भिऊन? रोज माझ्याकडे चहा उधार पितो तो! थांब, मीच जाऊन सांगतो."

आमचे वकील जेबमणी म्हणाले, "असे हुकूम तपासायला चेन्नईला सल्लागार मंडळ बसतं. त्याच्यापुढे वकिलाला बोलू देत नाहीत. कैद्याला एक मित्र नेता येतो. तुम्ही जा." मला केवढं बरं वाटलं! इस्त्रीचा सदरा घालून गेलो.

टेबलामागे तीन निवृत्त न्यायाधीश होते. पोलिसांनी पेच्चीमुत्तूला आणलं. तो एवढंच म्हणाला, "सामी, मी शहाळी कापतो." मग माझी पाळी.

"तुमचं दुकान बंद झालं होतं?"

"अर्धं, अय्या. पण ते प्रेतयात्रेसाठी."

"विचारलं तेवढंच सांगा. शटर ओढलं होतं की नाही?"

"ओढलं होतं."

"त्या वेळी ह्याच्या हातात कोयता होता?"

"तो कायमच असतो, अय्या, त्याचा धंदाच..."

"या तुम्ही."

कारकुनाने लिहून घेतलं. दोन मिनिटंही झाली नसतील. मंडळाने हुकूम कायम ठेवला.

मग हायकोर्टात अर्ज. तो सुनावणीला यायलाच सात महिने गेले. तोवर मुप्पुडाती हातगाडी चालवायला, शहाळी कापायला शिकली, डाव्या अंगठ्याचं टोक गमावून. मी जेबमणींच्या मागे लागलो, "आता तरी मला नीट बोलू द्या. पोस्टमास्तरांनाही घेऊन येतो."

"तिथे साक्षीदार नसतात हो. खरं काय घडलं, हे ते कोर्ट बघतच नाही. कलेक्टरांची खात्री पटायला कागद पुरेसे होते का, तेवढंच बघतं."

"कागद खोटे असले तरी?"

त्यांनी चष्मा पुसायला घेतला.

कोर्टात सगळं इंग्रजीत. जेबमणी पोटतिडकीने बोलले. दोघांच्या भांडणाने गावाची सुव्यवस्था बिघडत नाही, प्रेतयात्रेचं कुणी विचारलंच नाही, असं सांगत असावेत. मग सरकारी वकील उठले, मंडळाचा कागद वर धरला आणि माझं नाव घेतलं. सुडलैमुत्तू. दोनदा. जेबमणींची मान खाली गेली. मी उठायला लागलो, तर शिपायाने खांद्यावर हात ठेवून मला बसवलं. न्यायमूर्ती दोन वाक्यं बोलले आणि पुढचं प्रकरण पुकारलं गेलं.

जेबमणी माझ्या कानाशी वाकले. "कैद्याच्या स्वतःच्या मित्राने दुकान बंद झाल्याचं आणि हातात कोयता असल्याचं कबूल केलंय, म्हणाले. अर्ज फेटाळला." माझी जीभ झडली का नाही त्या दिवशी, असं मला वाटलं.

बाहेर व्हरांड्यात मुप्पुडाती उभी होती. तिने दारातून सगळं बघितलं होतं. चेहरा नुसता फुलला होता.

"अण्णाच्ची, एवढ्या मोठ्या माणसांनी तुमचं नाव घेतलं! दोनदा! म्हणजे तुमचं ऐकलं त्यांनी."

मी जेबमणींकडे बघितलं. ते दुसऱ्या फायलीत डोकं घालून चालू लागले होते.

"चला ना लवकर," ती म्हणाली, "जेलची बस कुठून सुटते? संध्याकाळच्या आत सोडतील ना त्याला?"

ती भरभर जिना उतरली. आणि मी, सांगतो-सांगतो म्हणत, तिच्या मागे पार बसमध्ये जाऊन बसलो.